तिसऱ्या मजल्यावरची पिवळी पाटी

सोमवार, ४ फेब्रुवारी

जाऊबाई,

मायन्यापाशीच वीस मिनिटं गेली. 'प्रिय' लिहिलं तर तुम्ही पत्र फाडाल. 'आदरणीय' लिहिलं तर आधी हसाल आणि मग फाडाल. म्हणून नुसतं जाऊबाई. तुमच्या फोनवर माझा नंबर सहा वर्षं बंद आहे, पण पोस्टमनला अजून कोणी बंद केलेलं नाही.

माझा पाय मोडलाय. हॉटेलात, तिसऱ्या मजल्यावर, भर सकाळी. फरशी नुकती पुसलेली होती आणि पिवळी पाटी लावलेली नव्हती. पाटी लावली की नाही हे बघायचं काम कोणाचं? सुपरवायझरचं. सुपरवायझर कोण? हसा, पोटभर हसा, मी काही ऐकायला तिथे नाही. घोट्यापासून गुडघ्यापर्यंत प्लास्टर आहे आणि आठ आठवडे खिडकीजवळची खुर्ची हेच माझं जग आहे. तुमचे दीर कामावर जाताना पाण्याची बाटली, वर्तमानपत्र आणि एक उपदेश ठेवून जातात. बाटली आणि वर्तमानपत्र दुपारपर्यंत संपतं.

पण लिहायला बसले ते वेगळंच सांगायला. तुमची लेक ठकी दर रविवारी दुपारी येते. (ती येते हे तुम्हाला माहीत आहे, आणि तुम्हाला माहीत आहे हे मला माहीत आहे, तेव्हा ताकाला जाऊन भांडं कशाला लपवू?) चष्म्याच्या दुकानात दिवसभर काचा घासून पोरीचे डोळे थकत नाहीत वाटतं, कारण येताना ती पिशवीतून व्हिडिओ गेमचं यंत्र घेऊन आली आणि माझ्या टीव्हीला जोडलं. बंदुकांचा खेळ. तिच्या दुकानातली तीन माणसं आपापल्या घरून खेळतात आणि सगळ्यांचे आवाज कानात येतात. पहिल्या दिवशी मी अठ्ठावीस वेळा मेले, त्यात तीनदा स्वतःच्याच हातबॉम्बने.

मग ठकी म्हणाली, "काकू, हा खरा सामना तुम्हाला जड जातोय. आपण पार्टी मोड खेळू."

पार्टी मोड म्हणजे गमतीचे प्रकार. एकात प्रत्येकाला एकच गोळी. एकात मेलेला माणूस भूत होऊन आपल्याच माणसांच्या मागे लागतो. एकात कोणाला मारलं की हातातली बंदूक बदलते, म्हणजे हात बसतोय तोवर नवीनच लचांड. आणि या सगळ्यात जिंकलं काय, हरलं काय, कुठे नोंद होत नाही. कोणाचं नाव वर जात नाही, कोणाचं खाली येत नाही. मला ते फार आवडलं, जाऊबाई. नोंद नाही.

त्यातला एक प्रकार असा. काही खेळाडूंनी वस्तू व्हायचं: खुर्ची, बादली, कुंडी, काय वाट्टेल ते. अर्ध्या मिनिटात जागा धरून गप उभं राहायचं. उरलेले बंदुका घेऊन शोधायला येतात. खऱ्या वस्तूवर गोळी घातली तर शोधणाऱ्याचाच थोडा जीव जातो, म्हणून उगाच धडाधड मारता येत नाही. आणि लपलेली वस्तू दर अर्ध्या मिनिटाला आपोआप एक शीळ घालते, म्हणजे शोधणाऱ्याला अंदाज यावा. आणि हे सगळं कुठे चालतं, तर हॉटेलात! तीन मजले, लांब गल्ल्या, खोल्या, चादरी, ट्रॉल्या. मी म्हटलं, हे तर माझं माहेर.

पहिल्या डावात मी जेवणघरातली खुर्ची झाले. दहा सेकंदांत मेले. ठकी हसून हसून सोफ्यावरून घसरली. "काकू, त्या खोलीत चाळीस खुर्च्या आहेत. सगळ्या वाकड्यातिकड्या. एकच टेबलाला काटकोनात!" जित्याची खोड, दुसरं काय. खुर्ची झाले तरी आधी सरळ झाले.

पण शोधायची पाळी आली, आणि मी चार मिनिटांच्या डावात चौघांनाही दीड मिनिटात टिपलं. दाराआड कधी कुंडी ठेवतात का? टॉवेलांच्या गठ्ठ्यावर कधी इस्त्री असते का? दुकानातला एकजण कानात ओरडला, "ही बाई कोण आहे?" ठकीने माझं नाव तिथे 'खडूसकाकू' ठेवलंय. आता सगळे मला त्याच नावाने घाबरतात.

लपलेलं शोधून काढायची मला सवय आहे हे तुम्हाला काय सांगायचं. त्या दिवसाबद्दल मी काही लिहिणार नव्हते, पण लेखणी तिथेच जाते. अकरा वर्षं आपण दोघींनी जोडीने खोल्या लावल्या, मग मला सुपरवायझर केलं, आणि तिसऱ्याच महिन्यात कोपऱ्यातल्या खोलीचं दार मी उघडलं तर तुम्ही पाहुण्याच्या पलंगावर झोपलेल्या. भर दुपारी, कामाच्या वेळी. मी नोंदवहीत तीन ओळी लिहिल्या आणि तुमचं काम गेलं. दार सहज उघडलं होतं, जाऊबाई. नियम काही मी केलेला नव्हता.

बाकी ठीक. पाय खाजतो आणि प्लास्टरमध्ये हात जात नाही.

धाकटी

रविवार, २४ फेब्रुवारी

जाऊबाई,

तुम्ही उत्तर पाठवलं नाहीत. अपेक्षाही नव्हती. तरी रोज चार वाजता खिडकीतून फाटकाकडे मान जाते ती जातेच.

आज जे झालं ते गरम आहे तोवर लिहिते. आज 'पाहुणी' नावाची एक नवीन खेळाडू आली. तोंडातून शब्द नाही. ठकी नुसतं म्हणाली, "ओळखीची आहे, खेळू दे," आणि पडद्यात नको इतकं डोकं घातलं.

मी शोधणारी. बाकीचे पटापट सापडले. ही एकटी उरली. दीड मिनिट शिल्लक होतं आणि शीळ तिसऱ्या मजल्यावरून येत होती. मी खोल्या बघत बघत कोपऱ्यातल्या खोलीत गेले. पलंगावर चार उशा. खेळ करणाऱ्यांनी बिचाऱ्यांनी कधी पलंग लावलेला नाही, त्यामुळे त्या हॉटेलात झाडून सगळ्या अभ्र्यांची उघडी तोंडं दाराकडे. मी पहिल्या दिवसापासून त्यावर चिडचिड करतेय. आणि या चार उशांतल्या एकीचं तोंड दाराच्या उलट बाजूला होतं.

पाहुणा दारातून आत आला की त्याला अभ्र्याची शिवण दिसायला हवी, भोक नव्हे. हे मला कोणी शिकवलं? कामावरच्या पहिल्या दिवशी माझ्या हातातून उशी हिसकावून घेऊन कोण म्हणालं होतं, "धाकटे, उशीला तोंड असतं, ते लोकांना दाखवायचं नसतं"?

जाऊबाई, तुम्ही उशी झालात तरी नीट लावलेली उशी झालात. मी हसले आणि मग कळलं. कोपऱ्यातली खोली. पलंग. तुम्ही मुद्दाम तिथे जाऊन पडला होतात.

बंदूक तुमच्यावर रोखलेली होती. शीळ झाली. मी मागे वळले, दार ओढून घेतलं आणि उरलेला वेळ खालच्या मजल्यावर कुंड्या बघत काढला. तुमची बाजू जिंकली. मला वाटलं, झालं, सहा वर्षांचं ओझं उतरलं.

आणि मग पडद्याच्या कोपऱ्यात अक्षरं उमटली. एकेक अक्षर, एका बोटाने लिहिल्यासारखं.

"दया नको. नीट शोध, धाकटे."

सहा वर्षांनी तुमचे पहिले शब्द, आणि तेसुद्धा शिव्याच. मी टीव्हीसमोर बसून ढसाढसा रडले. तुमचे दीर धावत आले, त्यांना वाटलं पाय दुखतोय.

ठकीला धरलं तेव्हा तिने कबूल केलं. माझं पत्र तुम्ही फाडलं नाहीत, दोनदा वाचलंत. गेल्या आठवड्यात ती तुमच्याकडे आली तेव्हा "ते हॉटेल दाखव बघू, अंथरुणं कशी लावलीत" म्हणालात, आणि मग तिचं जुनं यंत्र तिथेच ठेवून घेतलंत. इस्पितळाच्या लॉन्ड्रीतून आल्यावर संध्याकाळी एकटीने सराव करता म्हणे. शाबास.

धाकटी

शुक्रवार, १ मार्च

जाऊबाई,

"नीट शोध" म्हणालात. पाच दिवस तेच डोक्यात फिरतंय. तेव्हा आधी नीट सांगते.

पहिल्या पत्रात मी दार सहज उघडलं असं लिहिलं. खोटं आहे ते. तुम्ही आत आहात हे मला माहीत होतं. ट्रॉली बाहेर होती आणि तुमची चप्पल तिच्या खालच्या फळीवर. तुम्ही पाहुण्याच्या खोलीत कधी चप्पल नेली नाहीत.

आणि शीळ. ठकीला माहीत नाही, तिला वाटतं वस्तूंनी शीळ घालायची ती खेळातली गंमत आहे. आपल्या जोडीत अकरा वर्षं नियम होता: सुपरवायझर येताना दिसली की जी बाहेर असेल तिने शीळ घालायची. एकदा तुम्ही माझ्यासाठी शीळ घातलीत, तेव्हा मी ताप अंगावर घेऊन कपाटाला टेकून डुलक्या काढत होते. मी त्या दिवशी रबरी तळव्यांचे बूट घालून आले, जाऊबाई. मुद्दाम. शीळ घालायला बाहेर कोणी नव्हतं, कारण बाहेर असायची ती मीच.

नवीन खुर्ची होती. सगळ्या बायका म्हणत होत्या, घरचीच आहे, पांघरूण घालेल. मला दाखवायचं होतं की मी कोणाची नाही. आणि त्याहून वाईट म्हणजे मला तुमचा राग होता. सासूबाई आजारी पडल्यावर घास घ्यायच्या तो तुमच्याच हातून. मी भरवला की तोंड फिरवायच्या. घरात थोरली, कामावर थोरली, सगळीकडे तुम्हीच. एका जागी तरी मी वर होते.

अजून एक राहिलं. हे मी तुमच्या दिरांनाही सांगितलेलं नाही.

सासूबाईंजवळ एक दिवसाआड जागायची आपली पाळी होती. त्या दिवसाच्या आदल्या रात्रीची पाळी तुमची नव्हती. माझी होती. डोकं दुखतंय म्हणून मी दार लावून घेतलं होतं. डोकं दुखत नव्हतं. तुम्ही काही न बोलता माझी पाळी केलीत, सकाळी कामावर आलात आणि दुपारी तासभर आडव्या झालात. माझ्याच वाटची झोप तुम्ही घेत होतात आणि मी ती नोंदवहीत लिहिली.

चूक तुमची नव्हती. माझी होती, पहिल्या ओळीपासून तिसऱ्या ओळीपर्यंत. मला माफ करा म्हणायचा हक्क आहे की नाही कोण जाणे, पण म्हणते.

आता दुसरं. दहा तारखेला रविवारी दुपारी तीन वाजता मी शोधणारी आणि तुम्ही लपणाऱ्या. दया नाही. सापडलात तर गोळी घालीन, थोरल्या असाल तर घरी.

धाकटी

रविवार, १० मार्च

जाऊबाई!

अहो, काय केलंत हे!

मला लिहू द्या, नाहीतर मी शेजारच्या घरी जाऊन लंगडत लंगडत सांगून येईन.

तीन वाजता सगळे जमले. दुकानातले तिघेही, कारण ठकीने गावभर दवंडी पिटली होती. डाव सुरू झाला. मी सगळी विद्या पणाला लावली. बाकीच्यांना पाऊण मिनिटात झोपवलं. कोपऱ्यातली खोली आधी बघितली, सगळ्या उशांची तोंडं दाराकडेच. म्हटलं, शिकल्या! मग कपाटं, पडद्यांच्या घड्या, साबणाच्या वड्यासुद्धा. शीळ झाली. तिसराच मजला, आणि जवळ. मी गल्लीतून या टोकापासून त्या टोकापर्यंत गेले. पुन्हा शीळ. अगदी कानाशी! मी मागे वळले, पुढे गेले, पुन्हा मागे. एका ट्रॉलीवर संशय आला म्हणून गोळी घातली, ट्रॉली खरी निघाली, माझा जीव अर्ध्यावर. कानात ते तिघे ओरडतायत, "खडूसकाकू, डावीकडे!" "अहो समोर!" मेलेल्यांना सगळं दिसतं ना. ठकीने तोंडात रुमाल कोंबला होता. काकूचा आणि आईचा सामना, पोरीने कोणाची बाजू घ्यावी?

वेळ संपली. घंटा वाजली. तुम्ही जिंकलात.

आणि गल्लीच्या बरोबर मध्ये, दिव्याखाली, उघड्यावर उभी असलेली पिवळी पाटी टुणकन उडी मारून नाचायला लागली.

ओल्या फरशीची पाटी! मी चार मिनिटांत सहा वेळा तिला वळसा घालून गेले होते. सतरा वर्षांत मी त्या पाटीकडे कधी बघितलेलं नाही, जाऊबाई. ती दिसली की पाय आपोआप बाजूने जातात आणि डोळे पुढची फरशी बघतात. दुसऱ्या कुणालाही ती दिसली असती. काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात तो हाच. आणि हे जगात एकाच माणसाला ठाऊक होतं, कारण तुमचेही पाय तसेच वळतात.

मग ती एका बोटाची अक्षरं आली.

"पाटी लावली होती. तरी घसरलीस."

दुकानातले तिघे विचारत राहिले, काय झालं म्हणून. मी आणि ठकी पाच मिनिटं श्वास घेऊ शकलो नाही. मी हरले आहे आणि माझ्या अंगात आनंद मावत नाही, असं मला आयुष्यात कधी झालेलं नाही. तुमचे दीर आतून विचारत होते, "जिंकलीस का?" मी ओरडले, "हो!" आणि ते खोटं नव्हतं.

नंतर आणखी एक ओळ आली, ती ठकीने वाचायच्या आत मी पुसली. तुम्ही लिहिलं होतं, "त्या रात्री तुझं डोकं दुखत नव्हतं ते मला माहीत होतं. तू दमली होतीस."

सहा वर्षं तुम्हाला ते ठाऊक होतं, आणि रागावलात ते फक्त तीन ओळींवर. तुम्ही थोरल्या आहात. वयाने आहात हे माहीत होतं. बाकीचं आज कळलं.

प्लास्टर तीस तारखेच्या आधी निघेल. माझ्याकडे या. सोफा आहे, दोन रिमोट आहेत आणि ठकीच्या टोळीचा माज उतरवायचा आहे.

धाकटी

शनिवार, ३० मार्च

जाऊबाई,

हे पत्र टपालात टाकायचं नाहीये. तुमच्या पिशवीवर ठेवीन, उठलात की सापडेल.

काल प्लास्टर निघालं आणि आज सकाळी तुम्ही आलात. दारात मी काय बोलायचं ते चार दिवस पाठ करत होते. तुम्ही आत शिरलात, पलंगाकडे बघितलंत आणि म्हणालात, "धाकटे, चादरीचा कोपरा असा दुमडतात?" झालं. पाठ केलेलं सगळं गेलं. दुसऱ्या बाजूने चादर धरली आणि अकरा वर्षांची सवय हातांना आधीपासूनच होती. घडी घालून बघितली, इंचभर इकडे नाही की तिकडे नाही.

आणि मग काय धुतलं आपण त्या पोरांना! पाच डावांपैकी पाच. एका सोफ्यावर आपण दोघी, समोर ठकी आणि तिची टोळी आपापल्या घरून. तुम्ही बादली, मी बादलीवरचं फडकं. त्यांनी आपल्यासमोर उभं राहून चर्चा केली की काकू कुठे गेल्या असतील. शोधायची पाळी आल्यावर तर विचारूच नका. तुम्ही "डाव्या हाताचा टॉवेल" म्हणायचं आणि मी टिपायचं. शेवटच्या डावानंतर दुकानातला तो ओरडणारा अगदी नम्र आवाजात म्हणाला, "ताई, तुम्ही दोघी आधी कुठल्या संघात होतात?"

तुम्ही कपाळावरचे केस मागे घेतलेत आणि म्हणालात, "तिसऱ्या मजल्यावर."

मी ते मरेपर्यंत विसरणार नाही.

आत्ता अडीच वाजलेत. जेवण झालं, ठकी फोनवर म्हणाली सहा वाजता परतीचा सामना हवाय, नाक कापलं गेलंय त्यांचं. मी म्हटलं येऊ द्या. तुम्ही म्हणालात, "मी जरा पाठ टेकते," आणि माझ्या खोलीत गेलात. दहा मिनिटांनी मी डोकावले. झोपला आहात. एक हात उशीखाली आणि तोंड किंचित उघडं. त्या दिवशीही अशाच झोपला होतात. तेव्हा मी ते बघितलं नव्हतं, नोंदवही बघत होते.

मी दार हलकेच ओढून घेतलंय. खुर्ची बाहेर आणून दाराशी बसलेय आणि मांडीवर कागद घेऊन हे लिहितेय. तुमची चप्पल माझ्या खुर्चीखाली आहे. तुमचे दीर आत्ता येतील, दोनदा घंटा दाबतील, मोठ्याने विचारतील वहिनी कुठे म्हणून. दूधवाला येईल, शेजारीण येईल, ठकी सहाच्या ऐवजी पाचलाच उगवेल. जग यायचं तर येऊ दे.

तुम्ही झोपा. कोणी आलं तर मी शीळ घालीन.

धाकटी